गहाळ शेवटचे प्रकरण : अँथनी होरोविट्झ यांची कादंबरी आणि छोटा पडदा

‘ते मालिका लिहितात’ असे एखाद्या लेखकाबद्दल कोणी सांगितले की आपल्या साहित्यिक वर्तुळात ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर एक भाव उमटतो. ‘ते रहस्यकथा लिहितात’ म्हटल्यावरही जवळपास तोच भाव उमटतो. पहिल्या वाक्याचा अर्थ लेखक पाट्या टाकतो असा घेतला जातो, दुसऱ्याचा अर्थ त्याची पुस्तके गाडीत वाचून गाडीतच विसरण्यासाठी असतात असा. मग दोन्ही उद्योग करणारा लेखक दुहेरी संशयित ठरतो. अशा लेखकाने आयुष्यभर नेमके काय कमावले, हे तपासावे म्हणून गेली काही वर्षे मी अँथनी होरोविट्झ या इंग्रज लेखकाच्या कादंबऱ्या आणि मालिका समोरासमोर ठेवून वाचतो-पाहतो आहे. मी विद्यापीठात साहित्य शिकलेलो नाही. नोकरी सांभाळून, हाताला लागेल ते वाचत शिकलो. त्यामुळे माझी पद्धत साधी आहे : एकच लेखक पानावर काय करतो आणि पडद्यावर काय करतो, हे शेजारी शेजारी मांडून पाहायचे.

या वाचनातून हाती आलेला निष्कर्ष आधीच सांगतो. लेखनातल्या कोणत्या गोष्टी कॅमेऱ्याला पकडता येत नाहीत, हे होरोविट्झना दूरचित्रवाणीने शिकवले. त्यांची सर्वांत चांगली कादंबरी नेमकी त्या गोष्टींवर उभी आहे. पुढे ती कादंबरी पडद्यावर आणताना त्यांनी स्वतःच्याच पुस्तकातली एक उणीव भरून काढली. म्हणजे देवाणघेवाण दोन्ही बाजूंनी झाली आहे.

एक खुलासा. त्यांच्या कोणत्याही कादंबरीतला खुनी कोण, हे मी सांगणार नाही. मात्र अगाथा ख्रिस्तीच्या एका जुन्या कादंबरीतली खूण आणि ‘फॉइल्स वॉर’ मालिकेच्या एका भागाचा शेवट सांगितल्यावाचून मुद्दा पुढे जात नाही, म्हणून तेवढे सांगावे लागेल.

उमेदवारी

होरोविट्झ यांचा जन्म १९५५चा. रग्बीच्या प्रसिद्ध निवासी शाळेत आणि नंतर यॉर्क विद्यापीठात त्यांचे शिक्षण झाले. घरची श्रीमंती होती, पण तिचा शेवट विचित्र झाला. दिवाळखोरीचे सावट आले तेव्हा वडिलांनी पैसा स्वित्झर्लंडमधल्या खात्यांत हलवला आणि लौकरच ते कर्करोगाने वारले. होरोविट्झ त्या वेळी विशीच्या सुरुवातीला होते. आईने पुष्कळ शोध घेतला, पण तो पैसा कुटुंबाला कधीच सापडला नाही. पुढे ज्याने शेवटचे प्रकरण गहाळ असलेल्या हस्तलिखितावर कादंबरी रचली, त्याच्या घरात असे एक न सुटलेले कोडे होते. एवढ्यावरून कार्यकारणभाव जोडणे मला धाडसाचे वाटते. पण ही माहिती बाजूला सारणेही योग्य वाटत नाही.

पहिले पुस्तक १९७९मध्ये आले, ते मुलांसाठी. १९८६मध्ये ‘द फाल्कन्स मॉल्टीज’ ही मुलांची विनोदी गुप्तहेरकथा आली आणि त्याच सुमारास ‘रॉबिन ऑफ शेरवुड’ या मालिकेसाठी त्यांचे लेखन सुरू झाले. म्हणजे दोन्ही रुळ जवळजवळ सुरुवातीपासून शेजारी आहेत. कादंबरीकार म्हणून नाव झाल्यावर पैशासाठी मालिकांकडे वळलेला लेखक, ही आपल्या ओळखीची गोष्ट इथे लागू पडत नाही.

१९९०च्या दशकात ते ‘अगाथा ख्रिस्तीज पॉयरो’ या मालिकेच्या लेखकांपैकी एक झाले. ‘हिकरी डिकरी डॉक’ (१९९५), ‘मर्डर ऑन द लिंक्स’ (१९९६), ‘लॉर्ड एजवेअर डाइज’ (२०००), ‘ईव्हिल अंडर द सन’ (२००१) ही रूपांतरे त्यांची. दुसऱ्याच्या कादंबरीची पटकथा करणे हे हलके काम समजले जाते. माझ्या मते रहस्यलेखकाला याहून चांगली उमेदवारी मिळणे कठीण. कारण रूपांतर करायचे तर आधी मूळ यंत्र खोलून त्याचा प्रत्येक भाग टेबलावर मांडावा लागतो.

ख्रिस्तीची खूण बहुतेकदा वाक्यात लपलेली असते. खोलीतल्या आठ वस्तूंच्या यादीत पाचवी वस्तू महत्त्वाची असते आणि वाचकाचा डोळा तिच्यावरून घसरतो. खूण दिलेली असते, म्हणून फसवणूक नाही. लक्षात येत नाही, म्हणून रहस्य टिकते. कॅमेऱ्याची अडचण इथे सुरू होते. ती वस्तू जवळून दाखवली तर ती ओरडून सांगते, ‘माझ्याकडे बघा’. मागे कुठेतरी अंधुक ठेवली तर शेवटी प्रेक्षक म्हणतो, आम्हाला दाखवलेच नाही. पानावरचे दुर्लक्ष आणि पडद्यावरचे दुर्लक्ष या वेगळ्या गोष्टी आहेत. म्हणून रूपांतरकाराला पात्रे बदलावी लागतात, संशयाची वाटणी नव्याने करावी लागते. ‘ईव्हिल अंडर द सन’मधली लिंडा ही सोळा वर्षांची मुलगी होरोविट्झ यांच्या पटकथेत लायनेल नावाचा मुलगा झाली, ती याच प्रकारची फेरवाटणी. मुलगा म्हटल्यावर प्रेक्षकाच्या संशयाचे वजन लगेच बदलते.

‘लॉर्ड एजवेअर डाइज’ (मूळ कादंबरी १९३३) त्याहून बोलकी आहे. तिच्यातली एक खूण एका पत्रात आहे. पत्राच्या पानाची कड फाडलेली आहे आणि त्यामुळे इंग्रजीतल्या ‘शी’ या सर्वनामातले पहिले अक्षर उडून ‘ही’ उरले आहे. स्त्रीचा पुरुष झाला, तो एका अक्षराने. सगळा तपास त्या फाटलेल्या कडेमुळे भलत्या दिशेने जातो. ज्या लेखकाने ही कादंबरी सुटी करून पुन्हा जोडली, त्याच्या मनात अक्षराच्या पातळीवरची खूण काय करू शकते हे ठसले नसेल तरच नवल. पंधरा-सोळा वर्षांनी त्याचे पीक आलेले दिसते.

एका खुनाची किंमत

१९९७मध्ये ‘मिडसमर मर्डर्स’ सुरू झाली. कॅरोलाइन ग्रॅहम यांच्या ‘द किलिंग्ज अॅट बॅजर्स ड्रिफ्ट’ या १९८७च्या कादंबरीवरचा पहिला भाग होरोविट्झ यांनी लिहिला. हिरवीगार कुरणे, चर्चची जत्रा, आणि दर भागात दोन-तीन मुडदे. ही मालिका अफाट चालली, पण तिच्यात मृत्यू हा सजावटीचा भाग आहे. कोणी मेल्यावर गावाच्या दिनक्रमात फारसा फरक पडत नाही. रहस्यकथेवरचा जुना आक्षेप, म्हणजे हा प्रकार मरणाचा खेळ करतो, इथे पुरेपूर लागू आहे.

त्या आक्षेपाला होरोविट्झ यांनी दिलेले उत्तर म्हणजे ‘फॉइल्स वॉर’. २००२ ते २०१५ या काळात आयटीव्हीवर तिचे अठ्ठावीस भाग झाले. बहुतेक त्यांनीच लिहिले आणि निर्मितीत त्यांच्या पत्नी जिल ग्रीन होत्या. स्थळ इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरचे हेस्टिंग्ज, आरंभ मे १९४०. क्रिस्टोफर फॉइल हा विधुर पोलीस अधिकारी युद्धकाळात काही अधिक उपयोगाचे काम मिळावे म्हणून बदली मागतो आणि त्याला नकार मिळतो. त्याचा सहकारी मिल्नर नॉर्वेच्या मोहिमेत पाय गमावून परतला आहे. मोटार चालवायला सॅम नावाची तरुणी आहे. लंडनच्या इम्पीरियल वॉर म्युझियममधले इतिहासकार टेरी चार्मन सल्लागार होते आणि तपशिलांत ते जाणवते.

पहिल्याच भागात प्रश्न मांडला आहे : खाडीपलीकडे रोज हजारो माणसे मरत असताना हेस्टिंग्जमधल्या एका खुनाची एवढी चौकशी कशासाठी? मालिका या प्रश्नापासून पळत नाही. जर्मन वंशाच्या रहिवाशांची स्थानबद्धता, लढायला नकार देणाऱ्या तरुणाला कोठडीत मिळणारी वागणूक, काळ्या अमेरिकन सैनिकांबाबतचा वर्णभेद, असे एकेक प्रकरण ती गुन्ह्याच्या निमित्ताने उघडते. सरकार म्हणते, आता वेळ नाही. फॉइल म्हणतो, आताच वेळ आहे.

‘फिफ्टी शिप्स’ या भागाला मी या प्रकारातल्या उत्तम लेखनात धरतो. सप्टेंबर १९४०मध्ये अमेरिकेने ब्रिटनला पन्नास जुन्या विनाशिका दिल्या आणि बदल्यात तळ घेतले, या खऱ्या करारावर तो बेतला आहे. त्यातला खुनी हा या मदतीच्या वाटाघाटींत वजन असलेला अमेरिकन आहे. फॉइलला खुनी कोण ते कळते, कसे केले ते कळते, आणि तरी त्याला जाऊ द्यावे लागते. युद्ध कधीतरी संपेल, एवढेच तो सुनावू शकतो. पारंपरिक रहस्यकथेचा करार असा असतो की सत्य कळले की न्याय झाला. इथे तो करार मोडला आहे, आणि तोही रात्री घराघरांत पाहिल्या जाणाऱ्या लोकप्रिय मालिकेत. उकल आहे, न्याय नाही. आपल्याकडच्या प्रेक्षकाला हा अनुभव समजावून सांगावा लागणार नाही.

याच मालिकेने मालिकालेखकाची मर्यादाही दाखवून दिली. होरोविट्झ युद्धाची वर्षे क्रमाने घेत चालले होते. २००७मध्ये दाखवलेल्या भागांत काळ डिसेंबर १९४२ आणि मार्च १९४३पर्यंत आला होता. मग आयटीव्हीने मालिका थांबवण्याचे ठरवले. पुढचे तीन भाग २००८मध्ये आले. त्यांतला पहिला थेट एप्रिल १९४४मध्ये सुरू होतो आणि तिसरा मे १९४५मध्ये, विजयाच्या दिवसांत संपतो. मधले वर्ष गळून गेले. प्रेक्षकांच्या ओढीमुळे मालिका २०१०मध्ये परतली, पण गळलेले वर्ष परतले नाही. कादंबरीकार आपल्या कथेतल्या काळाचा धनी असतो. मालिकालेखकाचा काळ वाहिनीच्या मुठीत असतो. होरोविट्झ हे जवळून शिकले, आणि पुढच्या कादंबरीत पाने गहाळ करण्याचा अधिकार त्यांनी स्वतःकडे घेतला.

पानावरच जगणारी कादंबरी

‘मॅगपाय मर्डर्स’ २०१६मध्ये आली. सूझन रायलंड ही संपादक अॅलन कॉनवे या यशस्वी रहस्यलेखकाचे नवे हस्तलिखित वाचायला घेते आणि तिच्याबरोबर आपणही ते वाचतो. १९५५ साल, सॅक्सबी-ऑन-एव्हन हे गाव, छळछावणीतून वाचलेला आणि आता मरणाच्या दारात असलेला अॅटिकस प्युंड हा गुप्तहेर. कॉनवेची ही कादंबरी स्वतंत्र मुखपृष्ठ, लेखकपरिचय, अभिप्राय आणि स्वतंत्र पृष्ठक्रमांक घेऊन आपल्या हातातल्या पुस्तकात बसवली आहे. प्युंड उकल सांगणार, तेवढ्यात पाने संपतात. शेवटचा भाग नाही. मग बातमी येते की कॉनवे मेला आहे. सूझन गहाळ पाने शोधायला निघते आणि तिचा शोध खुनाच्या तपासात बदलतो.

या रचनेत कॅमेऱ्याला हात घालायला जवळजवळ जागा नाही. पुस्तकात पुस्तक आहे, हे बोटांना पृष्ठक्रमांकांवरून कळते. कॉनवेने पात्रांच्या नावांत पक्षी लपवले आहेत : पाय, रेडविंग, रॉबिन. एक महत्त्वाची खूण तर सुट्या रोमन अक्षरांतच आहे. डोळ्यांनी अक्षरे मोजल्याशिवाय ती दिसत नाही. ‘लॉर्ड एजवेअर’च्या फाटक्या पानाशी तिचे नाते मला उघड वाटते. सूझनकडे पिस्तूल नाही, ओळखपत्र नाही, अधिकार नाही. तिच्याकडे आहे ते संपादकाचे वाचन. हस्तलिखित बारकाईने वाचणे हेच इथे तपासाचे साधन आहे.

पण या पुस्तकाचा खरा विषय तिरस्कार आहे. कॉनवेला आपल्या गुप्तहेराचा तिटकारा आहे. त्याला गंभीर लेखक व्हायचे होते. वाचकांना मात्र प्युंड हवा आहे. कॉनन डॉइलने १८९३मध्ये होम्सला धबधब्यात लोटले, त्यामागेही असाच कंटाळा होता. डॉइल कंटाळला होता, कॉनवे मात्र आपल्या वाचकांना तुच्छ मानतो. ज्यांच्या पैशावर तो मोठ्या वाड्यात राहतो त्यांच्याच तोंडावर, त्यांना कळणार नाही अशा बेताने, तो थुंकतो. सूझनला लहानपणापासून रहस्यकथा आवडत आलेल्या आहेत, म्हणून तिचा संताप वाचकाचा संताप होतो. रहस्यकथा लिहिणारा लेखक रहस्यकथेवरच्या तिरस्कारालाच आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करतो, आणि ते भाषण न देता, रहस्यकथेच्याच नियमांनी करतो. या पुस्तकाचे मोल मला इथे दिसते.

उणीवही आहे. कादंबरीचे यंत्र इतके नेमके चालते की माणसे कधी कधी दातेरी चाकांसारखी वाटतात. प्युंडचे दुःख, त्याचा आजार, छावणीच्या आठवणी हे सारे कॉनवेच्या कुत्सित हातांतून आल्यामुळे आपण त्यावर विश्वास ठेवावा की नाही, हेच कळत नाही. पुस्तक बुद्धीला भरपूर देते, पण मनाला थोडे उपाशी ठेवते.

पडद्याने केलेली दुरुस्ती

२०२२मध्ये होरोविट्झ यांनीच या कादंबरीची सहा भागांची मालिका लिहिली. जे पुस्तक पडद्यापासून राखून लिहिल्यासारखे होते, ते आता त्यांना स्वतःलाच मोडायचे होते. पृष्ठक्रमांकांची गंमत गेली. हस्तलिखित मधेच तुटण्याचा धक्काही तसा राहिला नाही, कारण प्रेक्षकाला तीन भाग १९५५मध्ये ठेवून मग आजच्या काळात आणणे शक्य नव्हते. त्यांनी दोन्ही काळ एकमेकांत विणले आणि काही नट दोन्हीकडे वापरले. डॅनिअल मेज १९५५मधला पोलीस अधिकारीही आहे आणि आजचाही. मॅथ्यू बिअर्ड प्युंडचा मदतनीसही आहे आणि कॉनवेचा जोडीदारही. लेखक ओळखीची माणसे उचलून पात्रे करतो, हे कादंबरीला परिच्छेद खर्चून सांगावे लागले होते. इथे ते चेहरा पाहताच कळते.

सर्वांत मोठा बदल प्युंडचा आहे. मालिकेत तो सूझनला भेटतो, तिच्याशी बोलतो, वाट दाखवतो. लेस्ली मॅनव्हिल आणि टिम मॅकमुलन यांच्या या भेटी शांत, जरा हसऱ्या आहेत. लेखकाने ज्याचा द्वेष केला ते पात्र वाचकाकडे येऊन तिचा सोबती झाले आहे. पात्रावर निर्मात्याचा हक्क किती आणि वाचणाऱ्याचा किती, या प्रश्नाचे उत्तर इथे एकही सिद्धान्त न मांडता मिळते. कादंबरीत उपाशी राहिलेल्या मनाला जे हवे होते, ते पडद्याने दिले. मूळ पुस्तक वाचलेल्यांनी मालिका ‘नुसते रूपांतर’ म्हणून सोडून देऊ नये, असे माझे सांगणे आहे.

दुसऱ्यांचे कोट

होरोविट्झ यांच्या कारकिर्दीवरचा गंभीर आक्षेप वेगळा आहे. डॉइलच्या वारसांच्या संमतीने त्यांनी ‘द हाउस ऑफ सिल्क’ (२०११) ही होम्सकथा लिहिली. जेम्स बाँडवर २०१५ ते २०२२ या काळात तीन कादंबऱ्या लिहिल्या. दुसऱ्याचा कोट त्यांना सहज बसतो. ही पॉयरोच्या कामाची देणगी आहे आणि धोकाही. या पुस्तकांत कारागिरी निर्दोष आहे, पण ती लिहिणारा माणूस कुठे आहे, असे विचारावेसे वाटते.

२०१७मध्ये सुरू झालेली हॉथॉर्न मालिका याचे अर्धे उत्तर आहे. ‘द वर्ड इज मर्डर’चा निवेदक स्वतः अँथनी होरोविट्झ आहे : मालिका लिहिणारा, आणि हॉथॉर्न नावाच्या बडतर्फ पोलिसामागे वही घेऊन धावणारा वॉटसन. दुसऱ्या कादंबरीच्या आरंभी ‘फॉइल्स वॉर’च्या चित्रीकरणात युद्धोत्तर लंडनचा रस्ता मोठ्या खटपटीने उभा केलेला असतो आणि हॉथॉर्नची आजची टॅक्सी थेट त्या दृश्यात घुसते. स्वतःच्या व्यवसायाची ही थट्टा मनापासूनची आहे. पण खऱ्या नामवंतांची नावे आणि खरी कामे पुन्हा पुन्हा येऊ लागतात तेव्हा थट्टा मिरवणुकीच्या जवळ जाते. पाचव्या पुस्तकात (‘क्लोज टू डेथ’, २०२४) निवेदन बरेचसे तृतीय पुरुषी झाले आहे, त्यावरून ही युक्ती किती ताणता येते याचा अंदाज त्यांनाही आला असावा. माझे मत असे की नक्कल करताना त्यांचा स्वतःचा आवाज हरवतो, आणि नक्कल करणाऱ्या माणसाबद्दल, म्हणजे कॉनवेबद्दल किंवा स्वतःबद्दल, लिहिताना तो स्पष्ट ऐकू येतो.

आपल्याकडे पाहताना

हे सगळे मराठी वाचकापुढे मांडण्याचे कारण आहे. बाबुराव अर्नाळकरांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या. झुंजार, काळा पहाड, धनंजय-छोटू यांच्या नादाने कित्येकांना वाचायची सवय लागली. त्यांच्याविषयी आपण बोलतो ते आकड्यांबद्दल आणि आठवणींबद्दल. एवढ्याशा पानांत ते संशय कसा फिरवत, खूण कोणत्या वाक्यात ठेवत, प्रकरण कुठे तोडत, याचे वाचन फारच थोडे झाले आहे. मालिकांच्या लेखनाची गत त्याहून वाईट. पुस्तक निदान रद्दीत तरी सापडते. भाग प्रक्षेपित झाला की त्याच्या संहितेची चौकशीही कोणी करत नाही. होरोविट्झ यांच्याबद्दल मला जे म्हणता आले, ते पान आणि पडदा दोन्ही उपलब्ध आहेत म्हणून. मराठीत हाच अभ्यास करू जाणाऱ्याच्या हातात अर्धेच हस्तलिखित असते.

‘मॅगपाय मर्डर्स’ मराठीत आणायचे झाले तर काय होईल, याचा मी बराच विचार केला. रोमन लिपीत अक्षरे सुटी असतात, हवी तशी हलवता येतात. देवनागरीत काना-मात्रा अक्षराला चिकटलेल्या, जोडाक्षरे एकमेकांत गुंतलेली. मूळ खूण आपल्या लिपीत जशीच्या तशी उतरणार नाही. ‘शी’चे ‘ही’ होण्याची ख्रिस्तीची युक्तीही ‘ती’ आणि ‘तो’मध्ये साधणार नाही. अनुवादकाला नवी नावे, नवी कोडी घडवावी लागतील आणि त्यासाठी आपल्या लिपीत काय लपवता येते हे आधी शिकावे लागेल. त्या शोधात अर्नाळकरांची जुनी पुस्तके पुन्हा उघडावी लागली, तर ती या वेळी निदान पेन्सिल हातात घेऊन वाचली जातील.